तालमीचा देखावा, बाबूराव पेंटर : कामाच्या नोंदी

३ जून २०२५, मंगळवार

काल रात्री तालमीत, म्हणजे आमच्या कोल्हापुरातल्या आखाड्याच्या गणपती मंडळात, मीटिंग झाली आणि यंदाच्या गणपतीच्या देखाव्याचा विषय फायनल झाला, कलामहर्षी बाबूराव पेंटर, चित्रकार आणि मूकपटांच्या काळातले सिनेमावाले. आज त्यांची जयंती, १८९० सालचा जन्म, म्हणून आजपासूनच ही वही सुरू करतेय. काय ठरलं, काय केलं, काय चुकलं, सगळं तारखेनिशी लिहून ठेवणार, कारण मागच्या वर्षी कुणी काय ठरवलं होतं ह्यावरूनच निम्मा वेळ गेला होता.

माझ्याकडे डिझाइन, मागचा पडदा आणि माहितीचे बोर्ड. मी एरवी फ्लेक्सचं डिझाइन करते, म्हणजे काम कॉम्प्युटरवर आणि प्रिंट मशीनवर. पण ह्या माणसाच्या मागे फ्लेक्स लावायचा नाही हे मी मीटिंगमध्येच सांगितलं. ज्यांचं आडनाव मेस्त्री असून लोकांनी पेंटर हेच नाव करून टाकलं त्यांच्या मागे पडदा हातानेच रंगवलेला पाहिजे. अध्यक्ष म्हणाले रंगवणार कोण, मी म्हटलं आमचे आप्पा आणि मी. आप्पांना अजून विचारलेलं नाही.

अध्यक्षांच्या डोक्यात सीन असा आहे की पुण्यात बाबूरावांच्या सैरंध्री ह्या मूकपटाचा खेळ झालाय आणि लोकमान्य टिळक बाबूरावांना सिनेमा केसरी ही पदवी देतायत. १९२० ची गोष्ट, टिळकांच्या शेवटच्या वर्षातली. प्रसंग खरा आहे आणि मोठा पण आहे, पण मला कुठेतरी वाटतंय की सुरुवात तिथे होत नाही.

८ जून, रविवार

आप्पांना विचारलं. चाळीस वर्षं दुकानांच्या पाट्या, ट्रकच्या पाठी, निवडणुकीच्या भिंती रंगवल्या, आणि फ्लेक्स आल्यावर एका वर्षात काम बंद पडलं. आता ब्रश फक्त दसऱ्याला पूजेत निघतात. विषय ऐकला आणि गप्पच झाले, मग म्हणाले, "पडदा म्हंजे सरसातला न्हवं? ऑइल पेंट न्हाई चालायचं. ऑइल चमकतंय, लाइट मारला की डोळ्यात जातंय." म्हणजे हो. (सरस म्हणजे कोरडा रंग ज्यात कालवतात तो चिकट पदार्थ.)

मग संध्याकाळभर बोलत बसलो. आप्पांना बाबूरावांची गोष्ट त्यांच्या उस्तादाकडून आलेली, त्यात पुस्तकातली तारीख नसते पण काम काय केलं ते नेमकं असतं. बाबूरावांचे वडील कृष्णराव मेस्त्री, लोहारकाम सुतारकाम करणारे, शिवाय चित्र आणि मूर्ती पण. थोरले चुलतभाऊ आनंदराव, त्यांच्या हाताखाली बाबूराव शिकले. दोघं भाऊ १९१० च्या पुढची पाच-सहा वर्षं संगीत नाटक मंडळ्यांचे पडदे रंगवायचे, गुजराती पारशी कंपन्यांचे पण. राजवाडा, रस्ता, अरण्य, देऊळ, नाटकाला जे लागेल ते. त्या पडद्यांनीच पेंटर हे नाव दिलं. आप्पा म्हणाले घरात भाता आणि ब्रश दोन्ही असले की पोराला यंत्राची भीती वाटत नाही. हे मी बोर्डावर घेणार आहे, फक्त त्यांच्याच शब्दांत घ्यायचं.

१५ जून, रविवार

मीटिंग. सीनवरून बराच वाद.

माझं म्हणणं मी मांडलं. १९१३ ला फाळक्यांचा राजा हरिश्चंद्र आला आणि दोघा भावांनी सिनेमा करायचा ठरवला. फाळके लंडनला जाऊन विल्यमसन कॅमेरा घेऊन आले होते. ह्यांच्याकडे तसे पैसे नव्हते. त्यांनी जुना प्रोजेक्टर मिळवला, खेळ लावले, आणि त्या प्रोजेक्टरच्या पोटात काय चाललंय ते बघून बघून आपला कॅमेरा आपणच करायला घेतला. प्रोजेक्टर काय आणि कॅमेरा काय, फिल्म पुढे सरकवायची आणि थांबवायची हे दोन्हीकडे सारखंच. आणि मग १९१६ ला आनंदराव गेले. कॅमेरा पूर्ण व्हायच्या आधी. बाबूरावांनी तो पुढे विष्णुपंत दामल्यांना बरोबर घेऊन पूर्ण केला, तानीबाई कागलकर ह्या गायिकेने भांडवल दिलं आणि महाराष्ट्र फिल्म कंपनी उभी राहिली. आपल्या खरी कॉर्नरला जो कॅमेऱ्याचा स्तंभ आहे, दर १ डिसेंबरला जिथे हार घालतात, तो ह्याचाच.

मी म्हटलं देखावा त्या खोलीचा करूया. कॅमेरा होतोय, पडदा रंगतोय आणि दोघं भाऊ आहेत.

अध्यक्ष म्हणाले टिळक असले की लोक थांबतात. खरंय. सेक्रेटरी म्हणाले आनंदराव कोण हे कुणाला माहीतच नाही. मी म्हटलं म्हणूनच तर. एकदम शांतता झाली. मग मागे बसलेले आमचे जुने वस्ताद बोलले, आमच्या तालमीत पहिली जोड कुणाबरोबर केली ते पैलवान मरेपर्यंत विसरत नाही, थोरल्याला घ्या. त्यावर कुणी काही बोललं नाही आणि सीन बदलला. टिळकांचा प्रसंग बाहेरच्या बोर्डावर जाईल.

२२ जून, रविवार

पडद्याचं माप १८ बाय १२ फूट. मांजरपाट घेतला, तीन पट्टे जोडून शिवून घेतले, जोड आडवे ठेवलेत म्हणजे भिंतीच्या विटांच्या ओळीत लपतील.

आज स्केच आप्पांना दाखवलं आणि त्यांनी एका मिनिटात चूक काढली. मी खोलीचा पर्स्पेक्टिव्ह नेहमीसारखा धरला होता, नजरेची रेघ पडद्याच्या मधोमध. आप्पांनी विचारलं बघणारा कुठं उभा असतो. रस्त्यावर. त्याचा डोळा किती उंचीवर, साधारण पाच फूट. स्टेज किती उंच, साडेतीन फूट. मग पडद्याच्या खालच्या कडेपासून नजरेची रेघ किती वर आली? दीड फूट. बास, सगळ्या रेघा तिथं पळायला पाहिजेत.

मी घरी येऊन परत काढलं तर चित्र भलतंच विचित्र दिसायला लागलं, जमीन जवळजवळ दिसतच नाही, वरचे वासे आणि कौलं अंगावर आल्यासारखी. कागद टेबलावर असताना ते चुकीचंच वाटत होतं. मग आप्पांनी कागद खिडकीच्या वर चिकटवला आणि मला खाली पाटावर बसवून बघायला लावलं, आणि खोली एकदम उघडली, आत जाऊन वर बघावं तशी. मी किती वेळ बघत बसले मला कळलं नाही. नाटकाचे पडदेवाले हे सगळं रोज करत असणार, थिएटरातल्या खुर्चीवरून काय दिसतं ह्याचा हिशोब. आणि मग तोच माणूस कॅमेऱ्याच्या मागे उभा राहिला. कॅमेरा म्हणजे तरी काय, एकाच जागी बसलेला प्रेक्षक. मला वाटतं बाबूरावांना फ्रेम कुठे धरायची हे कुणी शिकवायची गरजच नव्हती.

६ जुलै, रविवार

आषाढी. उपास आणि सरस दोन्ही एका दिवशी नको असं आई म्हणत होती कारण वास फार येतो, पण आजच वेळ होता.

कृती लिहून ठेवते, परत लागेल. सरसाच्या वड्या रात्रभर पाण्यात भिजत घालायच्या, सकाळी फुगून रबरासारख्या होतात. मग मोठ्या भांड्यात पाणी तापवून त्यात सरसाचं भांडं ठेवायचं. डायरेक्ट गॅसवर नाही, उकळी फुटली की सरसाची ताकद जाते. खडूची पावडर वेगळी कालवायची, दह्यासारखी. रंग कोरडेच आणलेत, पेवडी, हिरमिंजी, गेरू, नीळ, काजळ. लक्ष्मीपुरीतल्या दोन दुकानांत मिळाले, एका दुकानदाराने विचारलं रांगोळीला का.

सगळ्यात अवघड म्हणजे ओला रंग आणि वाळलेला रंग ह्यांचा काही संबंध नाही. ओली हिरमिंजी मातीसारखी काळपट लाल दिसते आणि वाळली की फिकट गुलाबीच्या जवळ जाते. आप्पा प्रत्येक मिश्रणाचा एक फटकारा जुन्या वर्तमानपत्रावर मारून चुलीपाशी वाळवतात आणि मगच पुढे जातात. पावसाळ्यात वाळायलाच अर्धा तास जातो. मी घाईत दोन पट्ट्या न तपासता मारल्या, वाळल्यावर भिंत दोन रंगांची झाली. परत केली.

१३ जुलै, रविवार

मामाच्या वर्कशॉपला, उद्यमनगर. कॅमेऱ्याचं मॉडेल मामा करणार. सागवानी पेटी, एक बाजू अ‍ॅक्रिलिकची म्हणजे आतलं दिसेल, बाहेर पितळी हँडल. आत खरी ३५ एमएमची फिल्म गोल फिरत राहणार. गल्लीतले एक काका पूर्वी थिएटरात ऑपरेटर होते, त्यांनी जुन्या ट्रेलरची पट्टी काढून दिली, पैसे घेतले नाहीत.

मामाला मी समजावून सांगायला गेले होते आणि उलट त्यानेच मला समजावलं. त्या काळात हाताने हँडल फिरवायचे, सेकंदाला दोन फेरे, एका फेऱ्यात आठ चित्रं, म्हणजे सेकंदाला सोळा. फिल्म सारखी वाहत राहिली तर चित्र पुसट होणार, म्हणून प्रत्येक चित्राला ती थांबली पाहिजे, झडप उघडली पाहिजे, बंद झाली पाहिजे, आणि बंद असतानाच पुढचं चित्र ओढलं गेलं पाहिजे. हे ओढायचं काम एक छोटा पंजा करतो. तो फिल्मच्या कडेच्या भोकात शिरतो, चार भोकं खाली ओढतो, बाहेर निघतो, वर जातो, परत शिरतो. सेकंदाला सोळा वेळा.

मामाने पितळेचा पंजा कानशीने घासून केला होता. पहिल्यांदा फिरवला तर फिल्मची भोकं टराटर फाटली. दुसऱ्यांदा पंजा भोकात शिरलाच नाही. मामा म्हणाला, "पळवायला काय लागत न्हाई. थांबवायला अक्कल लागती." त्याच्याकडे लेथ आहे, व्हर्नियर आहे, यूट्यूबवर तुकडे तुकडे करून दाखवलेले जुने कॅमेरे आहेत, तरी तीन रविवार गेले. ह्या लोकांनी शंभर वर्षांपूर्वी ह्याच गावात, वीज नीट नसताना, एका जुन्या प्रोजेक्टरकडे बघून ते जमवलं. मी पंजा हातात धरून बघत होते, करंगळीच्या नखाएवढा आहे.

हँडल फिरवायला वायपरची मोटार. मोटारीचे मिनिटाला ४५ फेरे होतायत, आपल्याला पाहिजेत १२०. मामाने सायकलचं ४८ दात्यांचं चाक आणि १८ दात्यांचं फ्रीव्हील लावलं, बरोबर १२० येतात.

२० जुलै

पाऊस. काही वाळत नाही. काम बंद.

२७ जुलै, रविवार

आज एक गोष्ट सापडली जी मला कुणीतरी आधी सांगायला पाहिजे होती.

मूकपटांच्या काळातली फिल्म लाल रंगाला जवळजवळ आंधळी असायची. ऑर्थोक्रोमॅटिक म्हणतात. लाल वस्तू काळी येणार, निळी वस्तू पांढरी पडणार. म्हणजे निळं आकाश रंगवलं तर ते पडद्यावर कोरं दिसणार आणि बाईचं लाल कुंकू काळं. मग मी आमच्या पडद्याचा मोबाइलवर फोटो काढला आणि एडिटिंगमध्ये लाल चॅनल काढून टाकून ब्लॅक अँड व्हाइट केला. आप्पांनी दोन आठवडे घालून केलेली हिरमिंजीची भिंत, तिच्यावरच्या विटांच्या सावल्या, सगळं एक काळं डबकं. आणि निळसर खिडकी, जी मी अंधारी म्हणून केली होती, ती भगभगीत पांढरी.

आप्पांना दाखवलं. ते बराच वेळ मोबाइल जवळ लांब करत बघत होते. मग म्हणाले, म्हणजे त्यांना सगळं पहिल्यापासून शिकायला लागलं असणार की.

हे वाक्य माझ्या डोक्यातून जातच नाहीये. ज्या माणसाचा रंगावर हात बसलेला त्याने असं माध्यम घेतलं जिथे रंगच नाही, फक्त उजेड आणि अंधार, आणि तो पण आपल्या डोळ्याला दिसतो तसा नाही. आणि तरी त्यांनी काय केलं बघा. रंगवलेले सपाट पडदे मागे टाकून खरे उभे सेट बांधले, ज्यांच्या खांबामागे माणूस जाऊ शकतो. सिंहगड ह्या मूकपटात, १९२३ ला, रात्रीचं युद्ध कृत्रिम प्रकाशात घेतलं. पात्रांचे कपडे, उभं राहणं, हालचाली हे सगळं शूटिंगच्या आधी चित्रं काढून ठरवायचे. कागदावर ब्रश चालतच होता, फक्त शेवटचा हात दिव्याने मारायचा. लोक लिहितात की चित्रकार होते नंतर सिनेमाकडे वळले. मला ते वळणं कुठे दिसतच नाही. एकच काम चाललंय.

३ ऑगस्ट, रविवार

बाबूरावांची मूर्ती बापट कॅम्पातले कुंभारकाका फायबरमध्ये करतायत, कॅमेऱ्याशेजारी उभे, उजवा हात हँडलवर, कोपरात सांधा, म्हणजे मोटारीबरोबर हात फिरेल. प्रश्न आनंदरावांचा होता. दुसरी मूर्ती करायला बजेट नाही, आणि स्टेजवर जागा पण नाही.

आठवडाभर विचार करून आज आप्पांना म्हटलं आनंदराव पडद्यावर रंगवूया. मागच्या भिंतीला एक नाटकाचा पडदा अर्धा रंगवून लावलाय आणि त्यापुढे आनंदराव, पाठमोरे, शिडीच्या दुसऱ्या पायरीवर, हातात ब्रश. थोरला भाऊ रंगवलेल्या पडद्यात आणि धाकटा बाहेर स्टेजवर, उभा, हात फिरतोय.

आप्पांनी लगेच लाईनदोरी घेतली. गेरूत भिजवलेली दोरी दोन्ही टोकं ताणून धरली आणि मधून उचलून सोडली, टण, एक रेघ. शिडीची. मग माणूस त्यांनी एकट्यानेच काढला, मला लांब जाऊन बघायला सांगितलं आणि मी डावीकडं उजवीकडं सांगत राहिले. पाठ काढायला चेहऱ्यापेक्षा वेळ लागला. वर हात केला की खांद्याचं हाड कसं वर सरकतं, सदऱ्याला घडी कुठे पडते, आप्पा स्वतः शिडीवर चढून मला म्हणाले माझा मागून फोटो काढ. फोटोत बघितलं तर त्यांच्या सदऱ्याला तशीच घडी. चाळीस वर्षांची पाट्यांची पाठ आहे ती.

मी फोटो ठेवलाय.

८ ऑगस्ट, शुक्रवार

आज केशवराव भोसले नाट्यगृहाला आग लागून एक वर्ष झालं. त्या रात्री आम्ही सगळे तिथेच रस्त्यावर उभे होतो, कुणी बोलत नव्हतं. शाहू महाराजांनी बांधलेलं पॅलेस थिएटर ते. गायक नट केशवराव आणि बाबूराव दोघं एकाच सालचे, १८९०. केशवरावांचा वाढदिवस उद्या, ९ ऑगस्ट, त्याच्या आदल्या रात्रीच जळलं.

फार लिहवत नाही. आज फक्त खिडकीचा एक हात मारला.

१७ ऑगस्ट, रविवार

मोठा घोळ झाला. पडदा तालमीत न्यायला म्हणून गुंडाळला आणि तिथे उलगडला तर आनंदरावांच्या पाठीवरून आडव्या भेगा, खाली जमिनीवर रंगाचे टवके. कारण आप्पांना लगेच कळलं, त्या भागात रंग नीट बसावा म्हणून मी सरस जास्त घातला होता. सरस जास्त झाला की रंग काचेसारखा कडक होतो आणि वाकवला की फुटतो, कमी झाला की हाताला पावडर लागते. मधलं माप बोटांनाच कळतं, चिमटीत घेऊन बोटं लांब केली की किंचित ओढ लागली पाहिजे, तार सुटता कामा नये. आप्पांनी हे मला जुलैतच सांगितलं होतं, मी मात्र मोजायच्या चमच्याने घालत बसले.

आणि पडदा बारीक नळीवर गुंडाळला ही दुसरी चूक. जाड बांबू पाहिजे.

मला रडू आलं. आप्पा काही बोलले नाहीत, गरम पाण्यात फडकं पिळून भेगांवर हलक्या हाताने दाबत बसले, सरस परत मऊ होतो म्हणाले, ऑइल असतं तर गेलंच होतं. मग जिथे टवके उडाले तिथे खडू भरून परत रंग. रात्रीचे दोन वाजले. लांबून काही दिसत नाही. जवळून बघितलं तर खांद्यापाशी एक रेघ दिसते, ती राहूदे म्हणाले.

२४ ऑगस्ट, रविवार

बोर्डांचं लिखाण पूर्ण. चार बोर्ड ठरलेले, पाच झाले. काय घ्यायचं आणि काय सोडायचं ह्यातच आठवडा गेला. घेतलेलं असं :

सैरंध्री, १९२०. फाळक्यांच्या राजा हरिश्चंद्रात तारामती पुरुषानेच केली होती, इथे बायकांची कामं बायकांनी केली. गुलाबबाई, ज्या पुढे कमलादेवी झाल्या, आणि अनसूयाबाई. समाजाने त्यांना किती त्रास दिला असेल ह्याची आज कल्पना पण येत नाही, म्हणून त्यांची नावं बाबूरावांच्या नावाएवढ्याच अक्षरात पाहिजेत हे मी आप्पांना सांगितलं. कीचकवध इतका खरा वाटला की सेन्सॉरने कापायला लावला. टिळकांचा सिनेमा केसरी पण ह्याच बोर्डावर.

कल्याण खजिना, १९२४. लंडनच्या वेम्बली प्रदर्शनात पदक. आणि ह्याचं चित्रांचं पोस्टर, आज हातात असलेल्या आपल्या देशातल्या जुन्यात जुन्या सिनेमाच्या पोस्टरांपैकी. ह्याच्यावर आप्पांनी अर्धा तास मला ऐकवलं, पोस्टर म्हणजे काय हे पण ह्याच माणसाने दाखवलं, नुसती अक्षरं छापून भिंतीला लावायचे दिवस होते ते.

सावकारी पाश, १९२५. सगळे पौराणिक आणि ऐतिहासिक करत असताना ह्यांनी कर्जात बुडालेला शेतकरी घेतला, जमीन सावकाराकडे जाते आणि तो शहरात गिरणीत जातो. ना. ह. आपट्यांची कथा. शेतकऱ्याचं काम केलं विशीतल्या शांताराम वणकुद्रे ह्या पोराने, म्हणजे आपले व्ही. शांताराम. हा मूकपट आज नाही. सैरंध्री पण नाही. त्या काळची फिल्म नायट्रेटची, पेट घेणारी आणि नुसती ठेवली तरी कुजून जाणारी. मी लहानपणापासून ह्या सिनेमांची नावं ऐकतेय आणि त्यातले बरेचसे बघायला शिल्लकच नाहीत हे मला बोर्ड लिहिताना पहिल्यांदा नीट कळलं. १९३६ ला बाबूरावांनी सावकारी पाश परत बोलपट म्हणून केला, स्वतःच. एक चित्र परत काढावं तसं.

शिष्य. दामले, फत्तेलाल, शांताराम, धायबर. १९२९ ला हे चौघं बाहेर पडले आणि सीतारामपंत कुलकर्ण्यांना घेऊन इथेच कोल्हापुरात प्रभात फिल्म कंपनी काढली. दामले-फत्तेलालांचा संत तुकाराम आला १९३६ ला. सेक्रेटरी म्हणाले शिष्य सोडून गेले असं लिहा, तेवढंच नाट्य. मी लिहिलं नाही. बाबूरावांची कंपनी पुढे दोनेक वर्षांत बंद पडली हे खरं आहे आणि ते लिहिलंय. पण दामल्यांचा हात ज्या कॅमेऱ्यावर बसला तो कॅमेरा ह्याच घरातला, हे पण त्याच ओळीत आहे.

पाचवा बोर्ड आनंदरावांचा. त्यावर दोनच ओळी आहेत. बाकी पडद्यावर.

अक्षरं सगळी आप्पांच्या हातची, इनॅमलमध्ये. पाच बोर्ड चार दिवसांत, आणि एका पण ओळीला खाली पेन्सिलची रेघ मारली नाही.

२७ ऑगस्ट, बुधवार

बाप्पा आले. देखावा अजून झाकलेलाच, गौरी गेल्यावर खुला.

अध्यक्ष ट्रायल बघायला आले आणि म्हणाले हात फार जोरात फिरतोय, स्लो करा, भीती वाटते तुटेल. मी नको म्हटलं. सेकंदाला दोन फेरे हाच खरा वेग आहे. मामाने कोपरात नवीन बुश टाकली.

२ सप्टेंबर, मंगळवार

गौरी विसर्जन झालं आणि रात्री नऊला पडदा उघडला.

आधी अंधार. मग फक्त मागच्या खिडकीतून एक दिवा, रंगवलेल्या भिंतीवर तिरका. आनंदरावांची पाठ दिसते, बाकी काही नाही. मग कॅमेऱ्याचा आवाज, कटकटकट, आणि त्याबरोबर पुढचा दिवा चढतो आणि बाबूराव दिसतात. साडेतीन मिनिटांचा कार्यक्रम, आवाजी निवेदन मुद्दाम कमी ठेवलंय.

मी गर्दीत रस्त्यावर उभी होते, पाच फुटांवरून, जिथून बघायला म्हणून सगळ्या रेघा मारल्या होत्या. खोली खरी वाटत होती. शेजारी एक बाई पोराला कडेवर घेऊन उभ्या होत्या, पोराने विचारलं मागचा माणूस का हलत नाही. त्या म्हणाल्या तो चित्रातला आहे बाळा. पोरगं म्हणालं, पण त्याची पण पाठ दुखत असेल की.

मी आप्पांना शोधलं. ते स्टेजच्या कडेला उभे राहून पडदा न बघता लोकांचे चेहरे बघत होते.

४ सप्टेंबर, गुरुवार

गर्दी चांगली. पंजा एकदा अडकला, फिल्मचा जोड सुटला होता, मामाने चिकटपट्टीने जोडला. ऑपरेटरकाका रोज येतात आणि अ‍ॅक्रिलिकच्या बाजूला उभे राहून लहान पोरांना आतलं दाखवतात, हे आम्ही ठरवलेलं नव्हतं. आज शाळेचा एक ग्रुप आला, शिवाजी चौकातला महाराजांचा पुतळा पण बाबूरावांनीच केलाय हे सांगितल्यावर पोरं चकित. रोज त्याच्यासमोरून जातात. हे बोर्डावर पाहिजे होतं, राहून गेलं.

७ सप्टेंबर, रविवार

काल मिरवणूक, आज आवराआवर. सगळे रात्रभर जागे, तरी दहाला आठ-दहा जण आले.

मूर्ती तालमीत राहणार. कॅमेरा मामा घेऊन जातोय, म्हणतो पंजा अजून थोडा आवाज करतोय, तो सुधारून देतो. मी म्हटलं आता कशाला, तर म्हणाला जमेपर्यंत मला झोप लागणार नाही.

पडदा ह्या वेळी सावकाश उतरवला. आतून जुनी चादर, रंगाची बाजू बाहेर, चार जणांनी धरून. आनंदराव शेवटी गुंडाळले गेले, खांद्यावरची ती रेघ जराही वाढली नव्हती. आप्पांनी वरून सुतळी तीन ठिकाणी बांधली, गाठ सैल.

घरात अठरा फूट लांब भिंत कुठली नाही, म्हणून जिन्याच्या वर वाशांना टांगायचंय. त्यासाठी २० फुटी जाड बांबू लागेल. उद्या सकाळी बघायला जायचं, आप्पा पण येतो म्हणालेत, आणि येताना लक्ष्मीपुरीतून पेवडी घ्यायची आहे. कशाला ते त्यांनी सांगितलं नाही.